चाकं मोठी घालू का?

गाडी शिकवणाऱ्या माणसाचा पाय कधी स्वस्थ बसत नाही. मास्तरांचा तर चहाच्या टेबलाखालीही बसत नसे. शिकवणीच्या गाडीत शिकाऊ माणसाच्या शेजारी, मास्तरांच्या सीटपुढे एक जादा ब्रेक असतो. त्या ब्रेकवर पाय ठेवून मास्तरांची तीस वर्षं गेली होती. बसमध्ये बसले तरी पुढचं वाहन जवळ आलं की त्यांचा पाय खालचा पत्रा दाबायचा. बायको येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायची, "आमच्या ह्यांना झोपेतसुद्धा पलंग थांबवायचा असतो."

बायकोला मास्तरांचं सगळं ठाऊक होतं. एकच गोष्ट ठाऊक नव्हती. गाडी स्वतः चालवत असले, आणि वळण आलं, की शेजारून कुणीतरी हळूच विचारायचं, "मास्तर, बघू का?"

नऊ वर्षं हे चाललं होतं. आवाजाबरोबर शिवणयंत्राच्या तेलाचा बारीकसा वास यायचा. भूत गाडीत राहतं म्हणावं, तर गाडी तीनदा बदलली होती. प्रत्येक नव्या गाडीत पहिले चार दिवस शांततेत जायचे, आणि पाचव्या दिवशी कुठल्यातरी साध्या वळणावर तो आवाज यायचा.

तो आवाज टेलरबाईंचा होता. बाजाराच्या मागच्या गल्लीत त्यांचं ब्लाउज-फ्रॉक शिवायचं दुकान होतं. एक्केचाळिसाव्या वर्षी गाडी शिकायला आल्या त्या गळ्यात मोजपट्टी तशीच ठेवून. इतर लोक वीस दिवसांत शिकून मोकळे व्हायचे, बाईंना सेहेचाळीस दिवस लागले. दोनदा परीक्षेत नापास झाल्या. पण हात असा साफ, की एकदा जमलेलं पुन्हा बिघडायचं नाही. वळण घेण्याआधी आरसा बघायचा, मग मान वळवून बघायचं, मग स्टिअरिंग फिरवायचं, असं मास्तरांनी शिकवलं होतं. बाई दर वेळी परवानगी मागायच्या, "मास्तर, बघू का?" मास्तर वैतागून म्हणायचे, "अहो, विचारता काय, बघा! रस्ता काय माझ्या मालकीचा आहे?" दोघंही हसायची. तिसऱ्या खेपेला पास झाल्या तेव्हा बाईंनी शिकवणीच्या गाडीच्या सीटना स्वतःच्या हाताने कव्हरं शिवून आणली. दुहेरी टीप होती, कुठे एक दोरा सुटलेला नाही.

मग त्यांनी एक जुनी गाडी घेतली. आणि एका सकाळी मास्तरांना फोन आला. मास्तर ऑफिसात, समोर तीन माणसं फॉर्म भरत बसलेली.

"मास्तर, एक विचारायचं होतं. गाडीला चाकं मोठी घालू का? ती रुंद, स्पोर्टची म्हणतात तसली. टायर पातळ असतात."

"घाला की," मास्तर एका फॉर्मवर शिक्का मारत म्हणाले. "हौस आहे ना? हौसेला मोल नाही."

फोनवर थोडा वेळ काहीच ऐकू आलं नाही. मग बाई म्हणाल्या, "घालू म्हणता?"

"बिनधास्त घाला."

"बरं," त्या म्हणाल्या. "घालते."

दोन महिन्यांनी नदीच्या पुलाआधी जो उतार आहे, तिथल्या वळणावर त्यांची गाडी घसरली. रस्ता ओला होता. भर दुपारी गाडी कठड्यावर आपटली आणि बाई जागच्या जागी गेल्या. नवरा सोबत होता, त्याचं मनगट मोडण्यावर निभावलं. गावात बोलणं झालं ते ठरलेलंच, बाईमाणसाच्या हातात गाडी दिली की असं होतं. कुणी म्हणालं, मास्तरच्याच हाताखाली शिकली होती. पुढे वर्षभर मास्तरांकडे एकही बाई शिकायला आली नाही. मास्तरांनी त्याबद्दल चकार शब्द काढला नाही. आपल्याला हे भोगायलाच हवं, असं त्यांना आतून वाटत होतं. चाकांमुळे गाडी घसरली असं कुणी म्हटलं नव्हतं, पोलिसांनीही नाही. पण चाकांमुळे घसरली नाही, असंही कुणी म्हटलं नव्हतं. त्या फटीतून ती गोष्ट आत शिरली आणि तिथेच राहिली.

अशा माणसासमोर त्यांच्या मुलीने एका रविवारी गुळगुळीत कागदाचं माहितीपत्रक उघडून ठेवलं.

मुलगी एकतीस वर्षांची. घरोघरी जाऊन रुग्णांना व्यायाम द्यायचं, आखडलेले गुडघे-खांदे मोकळे करून द्यायचं तिचं काम. दिवसाला आठ-आठ घरं. त्यासाठी ती गाडी घेत होती. क्रॉसओव्हर, म्हणजे धड जीप नाही आणि धड मोटार नाही, पण बसायला उंच, उतरायला सोपी. मॉडेल ठरलं होतं. एकच अडत होतं.

"बाबा, ह्याच्यात स्पोर्ट पॅकेज येतं. काळी जाळी, आत लाल शिलाई, सस्पेन्शन वेगळं, आणि ही बघ, चाकं मोठी. घेऊ का?"

मास्तरांचा कप बशीत जरा जोरातच टेकला.

"बघू," ते म्हणाले.

"बघू काय? तू सांग. तुझ्याइतकं ह्यातलं कळतं कुणाला?"

"बघू म्हटलं ना!"

मुलीने आईकडे पाहिलं. आई म्हणाली, "राहू दे गं. त्यांना साधी छत्री घ्यायची तरी दुकान तीनदा पालथं घालतात."

आणि मास्तर खरंच तीनदा गेले. पहिल्या दिवशी खिशात मोजपट्टी घालून गेले. साध्या गाडीच्या आणि स्पोर्टच्या टायरची जाडी मोजली. वाकून सस्पेन्शन पाहिलं. मागे सायलेन्सरची दोन तोंडं दिसत होती, त्यातल्या एकात बोट घातलं तर ते आतून बंदच होतं.

"हे काय?" त्यांनी सेल्समनला विचारलं.

"ते शोभेचं आहे सर," टाय सारखा करत सेल्समन म्हणाला.

"आणि इंजिन?"

"इंजिन तेच आहे. पण फील स्पोर्टी येतो."

"नाव सोनुबाई आणि हाती कथलाचा वाळा," मास्तर म्हणाले. सेल्समन हसला, कारण गिऱ्हाईक काही म्हणालं की हसायचं असतं.

दुसऱ्या दिवशी ते नुसते त्या गाडीत बसून राहिले. सीट उत्तम होती, कंबर दोन्ही बाजूंनी धरून ठेवणारी. लाल शिलाईवरून त्यांनी अंगठा फिरवला. एके ठिकाणी टीप थोडी वाकडी गेली होती. मशीनचं काम असूनही वाकडी. तेवढ्यात तो तेलाचा वास आला. शोरूमच्या काचेच्या पेटीसारख्या उजेडात, नव्या प्लास्टिकच्या आणि अत्तराच्या घमघमाटात, स्वच्छ शिवणयंत्राचं तेल. मास्तर दार उघडून उतरले आणि "उद्या येतो" म्हणून निघाले.

तिसऱ्या दिवशी त्यांनी दोन्ही गाड्या चालवून बघायला मागितल्या. रस्ताही त्यांनीच सांगितला, नदीकडचा. साधी गाडी आधी नेली. खड्ड्यातून ती अशी गेली, जणू कुणी हातावर झेलून उतरवावं. मग स्पोर्टची घेतली. तोच खड्डा पाठीच्या मणक्याला बसला. चाकं मोठी, टायर पातळ, दणका खाणार कोण? मोकळ्या रस्त्यावर वळायला मात्र गाडी चपळ होती, तेवढं मास्तरांनी मनोमन मान्य केलं. मग उतार लागला, पुढे वळण दिसलं. वास तर आदल्या दिवशीच आला होता, आता तिथे आवाज येणार हे धरून त्यांनी दात आवळले.

आवाज आला नाही. नऊ वर्षांत दर वळणावर विचारणारी बाई, नेमक्या त्याच वळणावर गप्प होती. मास्तरांच्या अंगावर काटा आला. आणि कुणी समोर नसताना त्यांनी असा ब्रेक दाबला, की सेल्समनच्या मांडीवरची फाईल काचेवर जाऊन आदळली.

"काय झालं सर?"

"काही नाही. ब्रेक बघितला."

"ब्रेक चांगला आहे ना सर?" त्याने पांढऱ्या पडलेल्या चेहऱ्याने विचारलं.

मुलगी रोज संध्याकाळी विचारत होती. मास्तर रोज "बघू" म्हणत होते. हो म्हणावं, तर तोंडातून तोच जुना शब्द बाहेर पडणार. नको म्हणावं, तर का नको, हे स्वतःलाच विचारावं लागणार. एका माणसाला ते उत्तर माहीत होतं, आणि त्याच्यासमोर जाणं मास्तरांनी नऊ वर्षं टाळलं होतं.

टेलरबाईंचा नवरा किल्लीवाला होता. बायकोच्या दुकानाला लागूनच, एक माणूस कसाबसा उभा राहील एवढ्या टपरीत तो किल्ल्या बनवायचा. बाईंचं दुकान आता बंद होतं आणि त्याच्या शटरवर त्याने जुनी कुलपं टांगून ठेवली होती. मास्तर दुपारी गेले. शिकवणीच्या गाडीची दुसरी किल्ली करून हवी, असं निमित्त काढलं.

किल्लीवाल्याने त्यांना लगेच ओळखलं. किल्ली घेतली, मेणावर तिचा ठसा उमटवला, यंत्राला लावली, आणि यंत्र सुरू न करता तसाच उभा राहिला.

"ताकाला येऊन भांडं कशाला लपवता मास्तर?" तो म्हणाला. "किल्ली करायला माणूस एवढा घामाघूम होऊन येत नाही."

मग मास्तरांनी विचारलं. शब्द जुळवत, अडखळत विचारलं. तो फोन, ती चाकं, आपण शिक्का मारता मारता दिलेलं उत्तर. "ती चाकं घातली नसती, तर त्या वाचल्या असत्या का हो? मला एवढंच सांगा. काय असेल ते सांगा."

किल्लीवाला खाली बघत होता. यंत्राभोवती पितळेचा भुसा पडला होता, तो त्याने बोटाने एका जागी गोळा केला.

"चाकं तिला नको होती," तो म्हणाला. "मला हवी होती. रोज तिच्या मागे लागायचो. ती म्हणाली, मास्तरांना विचारते, ते म्हणतील तसं. तुम्ही नाही म्हणाल, अशी खात्री होती तिला. तुम्ही नाही म्हटलं असतं, तर मला गप्प बसावं लागलं असतं. फोन ठेवला आणि म्हणाली, घाला म्हणतात. मग जेवलीच नाही त्या दिवशी."

फोनवरचा तो गप्प क्षण मास्तरांना नऊ वर्षांनी कळला. कुणीतरी हात पुढे केला होता, आणि आपण त्यावर शिक्का मारून मोकळे झालो.

"आणि मास्तर," किल्लीवाला म्हणाला, "गाडी ती चालवत नव्हती."

गल्लीतून एक हातगाडी खडखडत गेली.

"मी चालवत होतो. माझ्याकडे लायसन नव्हतं. नवी चाकं, म्हटलं बघू तरी कशी पळते. ती शेजारी होती. हळू म्हणत होती. वळण आलं, गाडी फिरली, आपटली. ती दारातून बाहेर फेकली गेली. मी कसा बाहेर आलो आठवत नाही. लोक धावत आले आणि कुणीतरी म्हणालं, लायसन बाईंचं आहे, बाईच चालवत असणार. माझ्याकडे बघितलं सगळ्यांनी." तो थांबला. "मी मान हलवली. एकदाच हलवली. मग ती गोष्ट तशीच राहिली."

"तुम्ही…" मास्तरांचा हात यंत्रावरच्या किल्लीकडे गेला.

"गाडी फिरली तेव्हा तिने तुम्हाला हाक मारली. 'मास्तर' म्हणाली. मी शेजारी, आणि हाक तुम्हाला. आणि पाय असा पुढे दाबला होता तिने, सगळं बळ लावून. तिच्या बाजूला ब्रेक कुठला असायला?"

मास्तरांनी यंत्रावरची किल्ली उचलली आणि चालू लागले. त्या माणसाचं मनगट धरून पुन्हा मोडावं, असं त्यांना वाटलं होतं. गल्लीच्या टोकाशी येईपर्यंत तो राग ओसरला.

घरी आले ते गाडीतच बसून राहिले. बायको खाली उतरून आली, काचेवर टकटक केली, आणि त्यांचा चेहरा पाहून शेजारी येऊन बसली. तिला त्यांनी सगळं सांगितलं, आवाजासकट. ऐकून झाल्यावर ती म्हणाली, "अहो, नऊ वर्षं तुम्ही एकट्यानेच तिला घेऊन फिरत होता? मला सांगायचं होतंत. मी मागे बसले असते."

दुसऱ्या दिवशी सकाळी मुलगी माहितीपत्रक घेऊन आली, तेव्हा मास्तर आधी म्हणाले, "मला एक सांग. हे स्पोर्टचं तुला हवंय, की कुणी तुझ्या मागे लागलंय?"

"माझ्या मागे कोण लागणार? मलाच आवडलंय."

"नक्की? माझ्या तोंडून 'नाही' ऐकायला म्हणून तर विचारत नाहीस ना?"

"बाबा, मी दिवसभर लोकांची दुखणी हाताळते," ती म्हणाली. "बाहेर आले की आपली गाडी जरा झोकात उभी असावी, एवढंच. पण तू असा का विचारतोयस?"

मास्तरांनी तिच्याकडे नीट पाहिलं. तिथे लपवलेलं काही नव्हतं.

"मग ऐक," ते म्हणाले. "नको घेऊस."

हा शब्द बोलताना त्यांचा आवाज फाटला, म्हणून त्यांनी तो पुन्हा एकदा म्हटला. मग कारणं सांगितली. इंजिन तेच. आडातच नाही, तर पोहऱ्यात कुठून येणार? सायलेन्सर एक खरा, एक खोटा. तुझा निम्मा रस्ता खड्ड्यांचा, पातळ टायर एखाद्या दगडावर फुटला तर पेशंट ताटकळत बसेल आणि तू रस्त्यात. दिवसातून आठ घरं करताना लोकांच्या पाठी सरळ करणाऱ्या बाईचीच पाठ मोडेल. सीट मात्र चांगली आहे. ती एकटी देत असतील तर जरूर घे. मोकळ्या रस्त्यावर हौसेने गाडी पळवणारं कुणी असतं, तर मी त्याला घे म्हटलं असतं. तुझ्यासाठी नको.

"एवढं सगळं माहीत होतं, तर दोन आठवडे 'बघू, बघू' काय करत होतास?"

तेव्हा त्यांनी तिलाही सांगितलं. मुलगी कितीतरी वेळ माहितीपत्रकाची घडी घालत होती, उलगडत होती. तिने साधी गाडी घेतली. सीट वेगळी मिळत नाही, असं सेल्समनने दिलगिरीने कळवलं. झोक म्हणून तिने रंग असा भडक नारिंगी निवडला, की आई म्हणाली, "आता हिचे पेशंट लांबूनच दारं लावून घेतील."

आवाज गेला नाही. फक्त त्याची जागा बदलली. आता मास्तर चालवत असले की तो शेजारच्या सीटवरून न येता त्यांच्या स्वतःच्या पायाजवळून यायचा, आणि प्रश्न नसायचा. दमलेल्या माणसाने दम घ्यावा, तसा नुसता श्वास. मास्तर मग वेग कमी करायचे.

नवी गाडी येऊन आठवडा झाला असेल. किल्लीवाला शिकवणीच्या ऑफिसात आला. दाढी केलेली, इस्त्रीचा शर्ट. खिशातून एक किल्ली काढून त्याने टेबलावर ठेवली. "तुमची दुसरी. ठसा माझ्याकडे राहिला होता."

मास्तरांनी किल्ली उचलून खणात टाकली.

"तिच्या थोरल्या बहिणीला सांगायचंय," तो म्हणाला. "ती अजून म्हणते, आमच्या वेडीला कशाला हौस होती गाडीची. बसने दोनदा निघालो. दोन्ही वेळा मधल्या थांब्यावर उतरून परत आलो. तुम्ही न्याल? तुमच्या गाडीतून मला मध्येच उतरता येणार नाही."

शिकवणीची गाडी दुरुस्तीला गेली होती. मास्तरांनी मुलीकडून नारिंगी गाडी मागून घेतली. वाट दीड तासाची होती. शेजारी बसलेल्या किल्लीवाल्याने दोन्ही हात मांड्यांखाली दाबून ठेवले होते.

बहिणीचं घर एका शाळेच्या मागे होतं, पुढे लोखंडी फाटक. किल्लीवाला आत गेला. मास्तर गाडीतच थांबले. रडण्याओरडण्याची वाट बघत त्यांनी काच अर्धी खाली केली. शाळेतल्या मुलांचा गलका तेवढा येत होता. अर्ध्या तासाने बहीणच बाहेर आली. साठीची, चष्मा हातात. गाडीच्या खिडकीशी येऊन तिने मास्तरांना नखशिखांत पाहिलं.

"मास्तर तुम्हीच?"

"हो."

"ह्यांना घेऊन जा आता. मला ते डोळ्यांसमोर नकोत. उद्या काय करायचं ते मी बघेन. पोलिसांत जायचं तर जाईन."

"जा," मास्तर म्हणाले. "मी येईन सोबत. फोनवर मी काय म्हणालो, तेही सांगेन."

ती वळली, दोन पावलं गेली आणि परत आली.

"नऊ वर्षं मी तिला नावं ठेवली हो," ती म्हणाली. "आता कुणाला सांगू, चुकले म्हणून? तुम्ही सेहेचाळीस दिवस तिच्या शेजारी बसला होतात. तुम्ही एकटे या एकदा. ती कशी गाडी चालवायची, ते मला सांगा. सुरुवातीपासून."

किल्लीवाला फाटकातून बाहेर आला आणि न विचारता मागच्या सीटवर जाऊन बसला. मास्तरांनी वार विचारला. बहीण म्हणाली, गुरुवारी, शाळा सुटायच्या आत.